सामुराई दुपारचा डबा न्यायचे का?

परवा ऑफिसात डबा उघडून बसलो होतो आणि घास तसाच हातात राहिला. शेजारच्या मॅडमनी विचारलं, भाजी आंबली का हो? म्हटलं नाही, एक जपानी माणूस आठवला. त्यावर त्यांनी ज्या नजरेने पाहिलं ती नजर आता माझ्या सवयीची झालीय.

तो माणूस म्हणजे शिनोबु हाशिमोतो. पटकथालेखक. 'राशोमोन', 'इकिरु', 'सेव्हन सामुराई', 'हाराकिरी' ही चार नावं कुठल्याही फिल्म क्लबच्या बाहेर चहा पिणाऱ्या घोळक्यात टाकून बघा, पहिल्या तीनला सगळे एका सुरात दिग्दर्शक म्हणून कुरोसावा म्हणतील, चौथ्याला एखादा अभ्यासू पोरगा कोबायाशी म्हणेल, आणि या चारही सिनेमांच्या कागदावर ज्याचा हात फिरला त्याचं नाव कोणालाच आठवणार नाही. मलाही नव्हतं आठवत. श्रेयनामावली चालू असते तेव्हा आपण मोबाईल सायलेंटवर आहे का ते बघत असतो. आपल्याकडे सलीम-जावेदनी 'जंजीर'च्या पोस्टरांवर रंगारी पाठवून स्वतःची नावं रंगवून घेतली होती तो किस्सा आपण हसत हसत सांगतो, पण त्यामागचं दुखणं जगभरच्या लेखकांचं आहे.

(मी त्याला अरे-तुरे करणार आहे. आवडत्या माणसाला अहो-जाहो केलं की तो लांब जातो.)

हाशिमोतोचा जन्म १९१८ चा, ह्योगो प्रांतातल्या एका खेड्यातला. बापाचं छोटंसं खाण्यापिण्याचं दुकान होतं आणि बापाला नाटकाचा नाद, म्हणजे गावात नाटक कंपन्या आणून खेळ लावायचा. आपल्याकडे जत्रेत तमाशाचा फड आणणारे हौशी लोक असतात ना, घरात कटकट आणि बाहेर रुबाब, तसलं काहीतरी. पोरगा १९३८ मध्ये सैन्यात गेला आणि लढाई बघायच्या आधीच क्षयाने आडवा झाला. ओकायामातल्या जखमी आणि आजारी सैनिकांच्या सॅनेटोरियममध्ये रवानगी झाली. त्या काळी क्षय म्हणजे काय ते आपल्या आजी-आजोबांना विचारा, औषध नाही, फक्त पडून राहायचं आणि वाट बघायची.

तिथे शेजारच्या कॉटवरच्या सैनिकाने वाचायला एक सिनेमाचं मासिक दिलं. मासिकाच्या शेवटी एक पटकथा छापलेली होती. हाशिमोतोने ती वाचली आणि म्हणाला, एवढंच असतं होय? हे तर मी पण लिहीन. मग विचारलं, जपानमध्ये सगळ्यात भारी पटकथा कोण लिहितं? शेजारी म्हणाला, मान्साकु इतामी. झालं, ठरलं, पटकथा लिहायची आणि त्या इतामीला पाठवायची.

'एवढंच असतं होय' हे वाक्य मला फार प्रिय आहे. आपण सगळेच तिथून सुरू करतो. मी पण कॉलेजात असताना एका स्पर्धेतली एकांकिका बघून असंच म्हणालो होतो आणि रात्री वही घेऊन बसलो होतो, सकाळी वहीत दोन पात्रांची नावं आणि चहाचा डाग एवढंच होतं. फरक इतकाच की हाशिमोतो उठला नाही. त्या पटकथेत त्याची काही वर्षं गेली. विषय काय, तर डोंगरातल्या सॅनेटोरियममधले आजारी सैनिक, म्हणजे खिडकीतून दिसेल तेवढं जग. ती त्याने खरंच इतामीला पाठवली, आणि इतामीचं खरंच उत्तर आलं. सविस्तर, कुठे काय चुकलंय ते सांगणारं. इतामी स्वतः तेव्हा क्षयानेच अंथरुणाला खिळलेला होता. (याच इतामीचा मुलगा जुझो इतामी पुढे मोठा दिग्दर्शक झाला, आणि नोबेलवाला लेखक केन्झाबुरो ओए हा मान्साकुचा जावई. काय घर असेल.) एका आजारी माणसाने दुसऱ्या आजारी माणसाला पोस्टाने पटकथा शिकवली. हाशिमोतो त्याचा एकुलता एक शिष्य.

तब्येत जरा सुधारल्यावर हाशिमोतो हिमेजीत एका कंपनीत हिशेबाच्या कामाला लागला आणि जाता-येता गाडीत बसून लिहायला लागला. हे वाचलं तेव्हा मी बदलापूर लोकलमध्ये होतो, चौथी सीट, म्हणजे अर्धं बूड हवेत, आणि मी पण हिशेबाच्याच खात्यात आहे, त्यामुळे मला उगाचच फार जवळचं वाटलं. लगेच फोनच्या नोट्स उघडल्या. कल्याण आलं, गर्दी आत घुसली, फोन खिशात. बसायला जागा मिळणं हा साहित्याच्या इतिहासातला फार दुर्लक्षित मुद्दा आहे एवढंच म्हणतो.

इतामीने त्याला एकदा विचारलं, कथा-कादंबरीवरून पटकथा करताना मूळ कलाकृतीशी तू कसा वागतोस? त्यावर हाशिमोतोने जे सांगितलं ते त्याच्या आठवणींच्या पुस्तकात आहे, आणि ते जरा अंगावर येतं. म्हणाला, समजा कुंपणात एक गाय आहे. मी रोज जाऊन तिला बघतो. पावसात, उन्हात, या बाजूने, त्या बाजूने. बघता बघता एक दिवस तिची मर्माची जागा कुठली ते कळतं, मग आत शिरायचं, एका घावात तिला संपवायचं, आणि वाहणारं रक्त बादलीत धरून घरी आणायचं. मला गाय नको असते, मला ते रक्त हवं असतं.

आपल्याकडे ही उपमा कोणी जाहीर कार्यक्रमात देऊन बघावी. असो. पण त्याहून भारी आहे इतामीचं उत्तर. तो जरा वेळ गप्प राहिला आणि म्हणाला, पण हाशिमोतो, या जगात अशाही काही कलाकृती असतात ज्यांना मारून चालत नाही, त्यांच्यासोबत आपणच जीव द्यायचा असतो.

इतामी १९४६ च्या सप्टेंबरमध्ये गेला. शिष्याच्या हातात शिकवणी अर्धवट राहिली.

त्यानंतर हाशिमोतोने अकुतागावा या जपानी लेखकाची 'झाडीमध्ये' ही १९२२ ची कथा घेऊन पटकथा केली. एक खून, प्रत्येक साक्षीदाराची हकीगत वेगळी, मेलेल्याची सुद्धा, आणि खरं काय ते कोणीच सांगत नाही. ती पटकथा इतामीच्या जुन्या सहाय्यकाच्या हातून फिरत फिरत कुरोसावाकडे पोचली आणि एक दिवस त्याचं बोलावणं आलं. भेट म्हणे मिनिटा-दोन मिनिटांची. कुरोसावा म्हणाला, हे जरा छोटं पडतंय. हाशिमोतोच्या तोंडून निघून गेलं, मग यात 'राशोमोन' घातलं तर? ती अकुतागावाचीच वेगळी कथा, १९१५ ची. कुरोसावा क्षणभर थांबला आणि म्हणाला, बरं, घाल.

परतीच्या वाटेवर हाशिमोतोला घाम फुटला, आपण हे काय बोलून बसलो. मुलाखतीत तोंडातून काहीतरी निघून जातं आणि घरी येऊन ते निस्तरावं लागतं हा अनुभव कोणाला नाही? त्याने दोन कथा शिवायचा प्रयत्न केला, शिवण दिसायला लागली. वर पाठीच्या दुखण्याने तो आडवा पडला. शेवटी कुरोसावानेच पुढचा खर्डा केला, आणि तो कोसळता पाऊस, ते मोडकं वेशीचं दार, त्याखाली बसलेले तिघं, असं सगळं आलं. १९५० चा सिनेमा, १९५१ मध्ये व्हेनिसला गोल्डन लायन. ज्या माणसाचा हा पहिलाच सिनेमा होता तो त्याआधी जमा-खर्चाच्या वह्या लिहीत होता.

आता डब्याकडे येतो. पण मध्ये 'इकिरु' आहे, तो टाळून पुढे जाता येत नाही. कुरोसावाने विषय दिला होता एका वाक्यात: पंचाहत्तर दिवसांनी मरणार असलेला माणूस. धंदा कुठलाही चालेल. हाशिमोतोने त्याला सरकारी कचेरीतला कारकून-साहेब केला, तीस वर्षं शिक्के मारत बसलेला, पोटाचा कॅन्सर झालेला. कच्चा खर्डा झाल्यावर तिसरा लेखक हिदेओ ओगुनी कामाला येऊन बसला. हा ओगुनी दोघांपेक्षा वयाने मोठा, जन्म १९०४ चा. त्याने वाचलं आणि म्हणाला, हा माणूस मध्येच मरायला हवा, शेवटाला नाही. कुरोसावा प्रचंड भडकला. लिहिलेलं सगळं बाजूला पडलं. पण ओगुनीचं बरोबर होतं. आज आपण 'इकिरु' बघतो तेव्हा नायक मध्येच जातो आणि पुढचा सगळा सिनेमा त्याच्या फोटोसमोर बसून साके पिणाऱ्या सहकाऱ्यांच्या तोंडून येतो, हा म्हणतो बाग त्याने केली, तो म्हणतो छे, उपमहापौरांनी केली. ज्यांनी कधी सरकारी ऑफिसातली शोकसभा पाहिलीय त्यांना तो भाग बघताना हसावं की रडावं कळत नाही.

हा ओगुनी लक्षात ठेवा.

तर डबा. 'इकिरु' नंतर कुरोसावाला सामुराईच्या आयुष्यातल्या एका दिवसाचा सिनेमा करायचा होता. फक्त एक दिवस. सकाळी उठतो, आंघोळ-पांघोळ, बायको केस बांधून देते, किल्ल्यावर कामाला जातो, दुपारी मित्रासोबत जेवतो, मग कामात एक चूक निघते, संध्याकाळी घरी येऊन त्या चुकीसाठी स्वतःचं पोट फाडून मरतो. काय साधी आणि भयानक गोष्ट आहे बघा. हाशिमोतो ग्रंथालयात जाऊन बसला. दिवसांमागून दिवस. त्या काळचे कायदे सापडत होते, लढाया सापडत होत्या, वंशावळी तर पोत्याने, आणि अडलं कुठे तर दुपारच्या जेवणावर. सतराव्या शतकाच्या त्या काळात लोक दिवसातून दोनदा जेवायचे की तीनदा? दुपारी जेवत असतील तर किल्ल्यावर जेवण मिळायचं की घरून डबा न्यायचे? नेत असतील तर कुठे बसून खायचे? काही केल्या कळेना. आणि दोन मित्र दुपारी डबा खात गप्पा मारतायत हा तर त्या गोष्टीचा कणा. तिथे खोटं बोललं तर संध्याकाळचं मरण पण खोटं.

हाशिमोतोने हात टेकले. सिनेमा होणार नाही असं कुरोसावाला सांगितलं. कुरोसावा संतापला, साहजिक आहे, एका डब्यापायी सिनेमा बंद?

मी इथे माझं पाप सांगतो. मी एक एकांकिका लिहिली होती, गिरणगावातली, १९३० च्या दशकातली. त्यात गिरणी कामगार सुट्टीत डबा उघडतो असा प्रसंग होता, आणि आमच्या प्रॉपर्टीवाल्या पोराने घरून स्टीलचा डबा आणला. मी बघितला, डोक्यात एकदा टिकटिकलं की त्या काळात स्टील असेल का, आणि मी म्हटलं जाऊ दे, कोण बघतंय. प्रयोगानंतर एक आजोबा काठी टेकत मागे आले, पाठीवर हात ठेवला, छान लिहिलंय बाळा म्हणाले, आणि मग म्हणाले, पण डबा पितळेचा असायचा रे, कल्हईचा. झाकण वाजलं ना, तिथे मी बाहेर पडलो. बाहेर पडलो म्हणजे खुर्चीतच होते, पण नाटकातून बाहेर. मी त्या आजोबांना अजून विसरलेलो नाही. म्हणून हाशिमोतोने डब्यासाठी सिनेमा सोडला हे वाचल्यावर मला ते हसण्यासारखं वाटलं नाही, उलट कानाची पाळी गरम झाली.

पुढे काय झालं ते तर मजेशीर आहे. कुरोसावा म्हणाला ठीक, मग जपानमधल्या थोर तलवारबाजांच्या आयुष्यातले प्रसंग घे, एकेकाचा एकेक. हाशिमोतोने लिहिलं, सगळे नुसते क्लायमॅक्स. वाचून कुरोसावाच म्हणाला, नाही चालत, चढच नसेल तर नुसती शिखरं काय कामाची. दुसराही प्रोजेक्ट बोंबलला. मग दोघं आणि निर्माता मोतोकी बोलत बसलेले असताना प्रश्न निघाला की बिनपैशाचे सामुराई विद्या शिकायला देशभर फिरायचे, तर त्यांचं खाण्यापिण्याचं कसं भागायचं? म्हणजे बघा, परत जेवणच! उत्तर मिळालं की अशांतीच्या काळात गावं त्यांना रात्री पहाऱ्याला ठेवायची, बदल्यात पोटभर भात. म्हणजे शेतकरी सामुराईला कामावर ठेवायचे? दरोडेखोरांपासून वाचायला? दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. झालं, सापडला सिनेमा.

'सेव्हन सामुराई' तिथून आला. त्याच्यावरून अमेरिकेत 'मॅग्निफिसंट सेव्हन' आला, आणि त्या वाटेने वळणं घेत घेत आपल्याकडे १९७५ मध्ये रामगढच्या ठाकूरने दोन चोरांना कामावर ठेवलं. गब्बरच्या मुळाशी खणत गेलं तर तळाला एक न सापडलेला डबा आहे. बाद झालेल्या तलवारबाजांचं पण काही वाया गेलं नाही बरं का. मुलाला वाचवायला डोकं भादरून भिक्षूचं सोंग घेणारा म्हातारा सामुराई, आणि आधी काठीने आणि मग खऱ्या तलवारीने तीच लढत परत खेळणारा अबोल तलवारबाज, 'सेव्हन सामुराई'तले हे दोन्ही प्रसंग त्या थोरांच्या दंतकथांमधूनच उचललेले.

लिहायला तिघं अतामीच्या एका सरायीत जाऊन बसले. पद्धत अशी की एकच सीन कुरोसावा आणि हाशिमोतो दोघांनी वेगवेगळा लिहायचा, समोरासमोर बसून, बोलायचं नाही. ओगुनी काहीच लिहायचा नाही. टेबलाच्या टोकाला पुस्तक वाचत बसायचा. पानं झाली की दोघं त्याच्याकडे सरकवायचे. त्याने मान हलवली तर पुढे, नाही हलवली तर दोघांनी परत लिहायचं. संध्याकाळी पाचला काम बंद, मग जेवण आणि दारू. असं कितीतरी आठवडे. मी हा सीन डोळ्यासमोर आणून बघतो तेव्हा मला कुरोसावा आणि हाशिमोतोपेक्षा तो तिसरा जास्त दिसतो. एक ओळ न लिहिता ज्याचं नाव पटकथेत आहे आणि असायलाच हवं असा माणूस. आपल्याकडे असा माणूस टीममध्ये असला तर पहिला प्रश्न येईल, हा नक्की काय करतो? आणि बजेटमधून त्याचंच नाव आधी कापलं जाईल.

हाशिमोतोने आठवणी लिहिल्या त्या २००६ मध्ये, म्हणजे वयाच्या अठ्ठ्याऐंशीव्या वर्षी. पुस्तकाच्या नावातच किड्याच्या डोळ्यासारखे अनेक डोळे आहेत, एकाच गोष्टीकडे बघणारे. त्यात तो कुरोसावाचं कौतुक करतो तसंच एक परखड मत पण मांडतो, की 'इकिरु' आणि 'सेव्हन सामुराई'ला आधी एकाने एकट्याने कच्चा खर्डा केला, त्यात तोंडावर आपटला, आणि मग बाकीच्यांनी त्यावर हत्यारं चालवली. पुढे १९५५ पासून सगळ्यांनी एकत्र बसून थेट पक्काच खर्डा लिहायची पद्धत सुरू झाली. काम भराभर व्हायला लागलं आणि सिनेमे पातळ झाले. मला हे सगळंच पटत नाही, कुरोसावाचा त्यानंतरचा 'थ्रोन ऑफ ब्लड' पातळ आहे असं म्हणायला माझी जीभ रेटत नाही. पण वाया जाणारा पहिला खर्डा कोणीतरी लिहावा लागतो, हे तो अनुभवाने सांगतोय, कारण बहुतेक वेळा तो लिहिणारा तोच होता.

कुरोसावाबाहेरचा हाशिमोतो तर आपल्याला माहीतच नाही. १९५६ मध्ये त्याने दिग्दर्शक तादाशी इमाईसाठी 'भर दुपारी अंधार' अशा अर्थाच्या नावाचा सिनेमा लिहिला, एका खऱ्या खटल्यावर. यामागुची प्रांतात १९५१ मध्ये म्हाताऱ्या नवरा-बायकोचा खून झाला होता, करणारा एकटाच होता पण त्याने आणखी चौघांची नावं घेतली आणि पोलिसांनी ती उचलून धरली. सिनेमा आला तेव्हा खटला सुप्रीम कोर्टात चालूच होता! लेखक त्यात स्वच्छ बाजू घेतो, हे निर्दोष आहेत. शेवटी गजांआडचा आरोपी आईला ओरडून सांगतो, अजून सुप्रीम कोर्ट आहे. समजा उद्या ते दोषी ठरले असते तर? त्या चौघांची निर्दोष सुटका व्हायला १९६८ उजाडलं. आज चालू खटल्यावर असं काही लिहायचं म्हटलं तर आधी वकिलाचं मत घ्या म्हणतील, आणि वकील काय म्हणेल ते आपल्याला माहितीय.

आणि १९६२ चा कोबायाशीचा 'हाराकिरी'. एक बेकार सामुराई एका सरदाराच्या वाड्यात येतो आणि म्हणतो, मला तुमच्या अंगणात पोट फाडून मरायची परवानगी द्या. बहुतेक सगळं त्या अंगणात, एका दिवसात, तो बसून गोष्ट सांगतोय आणि समोरच्यांचे चेहरे हळूहळू उतरतायत. ही ताकिगुची नावाच्या लेखकाची कथा, त्यामुळे मी म्हणतोय ते कदाचित माझंच खूळ असेल, पण मला प्रत्येक वेळी वाटतं की हा तोच सोडून दिलेला एका दिवसाचा सिनेमा आहे. दहा वर्षांनी परत आलेला. यात कोणी दुपारी जेवत नाही. जेवायला नाही म्हणूनच तर सगळं घडतं.

आता माझा सगळ्यात आवडता. 'सुना नो उत्सुवा', वाळूचं भांडं, १९७४. सेइचो मात्सुमोतोची रहस्यकादंबरी, खून, बोलीभाषेचा धागा, रेल्वेची वेळापत्रकं, भरपूर गुंतागुंत. दिग्दर्शक योशितारो नोमुरा. हाशिमोतो आणि तेव्हा सहाय्यक असलेला योजी यामादा हे दोघं पटकथेला बसले आणि अडकले, यातून सिनेमा निघेना. मग हाशिमोतोचं बोट एका वाक्यावर थांबलं. कुष्ठरोग झालेला बाप लहान मुलाला घेऊन गाव सोडून यात्रेकरूसारखा भटकतो, आणि कादंबरी एवढंच म्हणते की ती वाटचाल कशी होती ते त्या बाप-लेकालाच ठाऊक. म्हणजे लेखकाने तिथे दार लावून घेतलंय. हाशिमोतो म्हणाला, हेच दार उघडायचं, बाकी सगळं कापा.

सिनेमाची शेवटची जवळजवळ चाळीस मिनिटं हीच आहेत. एकीकडे पोलिसांच्या बैठकीत डिटेक्टिव्ह उभा राहून केस मांडतोय, दुसरीकडे तोच मुलगा आता मोठा संगीतकार होऊन ऑर्केस्ट्रासोबत स्वतःची रचना वाजवतोय, आणि त्या दोघांच्या मधून ते बाप-लेक चालतायत, बर्फातून, समुद्राकाठून, फुललेल्या झाडांखालून, गावातली पोरं दगड मारतायत, आणि एक शब्द ऐकू येत नाही, फक्त संगीत. हाशिमोतो म्हणायचा ही रचना बुनराकूची आहे, बाहुल्यांच्या नाटकाची. एका बाजूला सांगणारा, शेजारी वाजवणारा, मध्ये मुक्या बाहुल्या. गावात नाटकं आणणाऱ्या बापाचा पोरगा तो! मला बघताना कीर्तन आठवलं, बुवा सांगतात, पेटी-तबला वाजतो, आणि हरिश्चंद्र-तारामती आपल्या डोळ्यांपुढे स्मशानात उभे राहतात.

कादंबरीत बाप आधीच मेलेला आहे. हाशिमोतोने त्याला जिवंत ठेवला, फक्त एका सीनसाठी. डिटेक्टिव्ह कुष्ठरोग्यांच्या वसाहतीत जाऊन म्हाताऱ्याला मुलाचा आजचा फोटो दाखवतो, ओळखता का? म्हातारा फोटो बघतो, हात थरथरतात, हुंदका फुटतो, आणि तो ओरडून सांगतो, मी या माणसाला ओळखत नाही! ओळखलं म्हटलं तर पोराचं आयुष्य संपलं, हे त्याला कळलंय. गाय मारून रक्त आणायचं म्हणणारा हाच माणूस ना? इथे मला ते इतामीचं वाक्य आठवतं. बाबा आमट्यांच्या आनंदवनाबद्दल शाळेत धडा वाचून वाढलेल्या आपल्याला हा सीन नुसता जपानी राहत नाही, एवढं सांगतो. तिकडे कुष्ठरोग्यांना वेगळं काढणारा कायदा रद्द व्हायला १९९६ साल उजाडलं.

ही पटकथा साठच्या दशकाच्या सुरुवातीलाच तयार होती. स्टुडिओने नको म्हटलं. दहा-बारा वर्षं ती पडून राहिली. शेवटी हाशिमोतोने स्वतःची निर्मिती संस्था काढली आणि सिनेमा करून दाखवला, आणि तो तुफान चालला. मग १९७७ मध्ये 'माउंट हाक्कोदा', १९०२ च्या बर्फाच्या वादळात २१० सैनिकांपैकी १९९ गेले त्या सरावाची गोष्ट, तोही तुफान चालला. आता त्याला कोण नाही म्हणणार?

कोणीच म्हटलं नाही. आणि १९८२ मध्ये तोहो या सिनेमा कंपनीच्या पन्नाशीनिमित्त 'माबोरोशी नो मिझुउमी' आला, भासाचं सरोवर म्हणू. लेखक हाशिमोतो, दिग्दर्शक हाशिमोतो, निर्मितीत पण हाशिमोतो. गोष्ट सांगतो, हसू नका. बिवा सरोवराच्या काठी न्हाणीघराच्या नावाखाली चालणाऱ्या धंद्यात एक मुलगी काम करते, तिला धावायचा नाद आहे, तिचा एक पांढरा कुत्रा आहे, कोणीतरी कुत्र्याला मारतं. ती मारेकऱ्याला शोधते, तो निघतो संगीतकार, ती धावत त्याचा पाठलाग करते, तोही धावतो, खूप वेळ धावतात, मध्येच आपण चारशे वर्षं मागे युद्धांच्या काळात जातो, आणि शेवटी अंतराळात! खरंच. स्पेस शटल, पृथ्वी खाली, आणि सरोवराच्या वर अंतराळात एक बासरी ठेवली जाते. २ तास ४४ मिनिटं. थिएटरातून दोनेक आठवड्यात उतरला. पुढे कल्ट वगैरे झाला, लोक मुद्दाम जमून बघतात.

मी तो एका रविवारी बघितला, दोन वेळा चहा करून. वाईट आहेच, पण त्यात कुठेही आळस नाही, माणूस जीव तोडून लिहितोय हे दिसतं, प्रत्येक फ्रेममध्ये दिसतं. आणि मी सारखा विचार करत होतो की टेबलाच्या टोकाला पुस्तक वाचत बसलेला म्हातारा कुठाय? त्याने पहिलं पान वाचून नुसतं चष्म्यावरून बघितलं असतं.

यानंतर हाशिमोतोचं लिहिणं जवळपास थांबलं.

आता एकच सांगायचं राहिलंय. १९५८ मध्ये त्याने टीव्हीसाठी 'मला शिंपला व्हायचंय' लिहिलं होतं. एक साधा न्हावी, सैन्यात ओढला जातो, वरून हुकूम येतो म्हणून कैद्यावर संगीन घेऊन धावतो, आणि युद्ध संपल्यावर त्याला युद्धगुन्हेगार म्हणून फाशी होते. मरताना तो म्हणतो, पुढचा जन्म माणसाचा नको, खोल समुद्राच्या तळाशी शिंपला व्हायचंय, तिथे कोणी सैन्यात नेत नाही. जपान हेलावला होता म्हणे त्या रात्री. दुसऱ्या वर्षी हाशिमोतोने त्याचा सिनेमा स्वतः दिग्दर्शित केला. आणि पटकथा वाचून कुरोसावा त्याला एवढंच म्हणाला होता, हाशिमोतो, एवढ्यावर माणूस शिंपला नाही व्हायचा.

काय कमी आहे ते त्याने सांगितलं नाही. हाशिमोतोला ते उमगलं नाही आणि ते वाक्य पायातल्या काट्यासारखं आत राहिलं, पन्नास वर्षं. २००८ मध्ये त्या सिनेमाची नवी आवृत्ती निघाली तेव्हा नव्वदीतला हाशिमोतो परत ती पटकथा घेऊन बसला, आणि त्याने ती दुरुस्त केली. कुरोसावा १९९८ मध्ये गेला होता, ओगुनी त्याच्याही आधी, १९९६ मध्ये. नवीन पानं सरकवायला टेबलाच्या टोकाला कोणी नव्हतं. त्याने ती तशीच शूटिंगला पाठवली.